वेताळाचा कैवार

दिवाळीच्या अंकात गोडधोड लिहावे, कुणाचे मन दुखवू नये, असा आपल्याकडे संकेत आहे. तो मी आज मोडणार आहे. फराळाच्या ताटात करंजी असते तशी तिखट शेवही असते; वाचकांनी हा लेख त्या शेवेच्या जागी मानावा. माझे भांडण आहे ते घरात पुस्तकांचे कपाट बाळगणाऱ्या सुविद्य पालकांशी, आणि त्यांच्याहून अधिक माझ्या व्यवसायबंधूंशी, म्हणजे शिक्षकांशी. भांडणाचा विषय काहींना क्षुल्लक वाटेल. तो आहे चित्रकथांचा. ज्यांना मुले कॉमिक म्हणतात, ज्यांत तोंडावर मुखवटा चढवलेला एखादा महाबली पानापानावर दुष्टांना लोळवीत असतो, त्या पातळ, रंगीत, कोपरे दुमडलेल्या पुस्तकांचा!

माझा अधिकार काय, तेही सांगून टाकतो. मी मॅट्रिक. त्यापुढे कॉलेजची पायरी चढलो नाही. ड्रॉइंगच्या परीक्षा दिल्या, चित्रकलेचा मास्तर झालो, आणि उरलेल्या वेळात कादंबऱ्या लिहिल्या. राहतो चिंचवडला. १९५४ साली पिंपरीच्या माळावर पेनिसिलिनचा सरकारी कारखाना उभा राहिला, त्याच्या मागोमाग मोटारींचे, स्कूटरींचे आणि त्यांच्या सुट्या भागांचे कारखाने आले, आणि १९७१ च्या शिरगणतीत लाखाच्या आत असलेली आमची वस्ती २०११ मध्ये सव्वासतरा लाखांवर गेली. आता कारखान्यांची ही रांग नाशिक रस्त्याने चाकणच्या पलीकडे पोचली आहे. माझ्या वर्गातील मुलांचे बाप कुणी लातूरचे, कुणी बुलढाण्याचे, कुणी थेट बिहारमधले. एका आठवड्यात सकाळपाळी, दुसऱ्यात रात्रपाळी. अशा घरांतली मुले काय वाचतात आणि काय वाचत नाहीत, हे पाहत मी वीस वर्षे काढली आहेत. तेवढाच माझा अधिकार.

चित्रकथांवर आमच्या शहाण्या मंडळींचे आक्षेप तीन. पहिला, चित्रांमुळे मुले वाचनाचा आळस करतात. दुसरा, ही परदेशी थेरे आहेत. आपल्याकडे मारुती असताना परक्यांचा उडता माणूस कशाला? आणि तिसरा, यांतून मारामारी शिकायला मिळते, आणि कुणीतरी आकाशातून येऊन आपल्याला वाचवील अशी परावलंबी वृत्ती बळावते. एकेक घेऊ.

पहिला आक्षेप ऐकला की मला हसू येते. चित्र दाखवून गोष्ट सांगणे ही जर आळशांची विद्या असेल, तर आमचे पूर्वज मोठेच आळशी म्हणायचे! सिंधुदुर्ग जिल्ह्यातील पिंगुळीच्या ठाकर मंडळींकडे चित्रकथीच्या पोथ्या आहेत. रामायण-महाभारतातला एकेक प्रसंग कागदावर रंगवायचा, ती पाने क्रमाने श्रोत्यांपुढे धरायची, आणि वाद्याच्या साथीवर कथा सांगत पुढे जायचे. एक पान सरले की दुसरे. कॉमिक म्हणजे तरी याहून वेगळे काय आहे? फरक इतकाच की चित्रकथीत कथा मुखाने सांगतात, आणि येथे ती पात्राच्या तोंडाजवळच्या फुग्यात लिहिलेली असते. पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली तेव्हा आम्ही टाळ्या वाजवल्या, तो आमचा वारसा म्हणून मिरवला. आणि त्याच हातांनी मुलांच्या दप्तरातून कॉमिक काढून कपाटात कुलूपबंद केले. देवळातल्या चित्राला नमस्कार आणि दप्तरातल्या चित्राला छडी, हा न्याय कोणता?

शिवाय गंमत अशी की चित्रकथांची ही धास्तीदेखील आमची स्वतःची नाही. ती बोटीने आली आहे. १९५४ साली अमेरिकेत फ्रेडरिक वर्थम नावाच्या मनोवैद्याने एक पुस्तक लिहून कॉमिकमुळे मुले गुन्हेगार होतात असा गिल्ला केला. तिथल्या सिनेटच्या समितीपुढे सुनावणी झाली, आणि घाबरलेल्या प्रकाशकांनी त्याच वर्षी स्वतःच स्वतःवर नियमावली लादून घेतली. १९५५ साली इंग्लंडने कायदा केला; आणि साहेबाच्या मागे राहू नये म्हणून की काय, १९५६ साली आपल्या संसदेनेही अल्पवयीनांना अपायकारक अशा प्रकाशनांविरुद्ध कायदा करून ठेवला. त्यात वीस वर्षांखालील सर्वांना अल्पवयीन मानले आहे. त्या वेळी आपल्या खेड्यांतल्या किती शाळांत चित्रांचे एकतरी पुस्तक होते? ताप दुसऱ्याला आणि काढा आम्ही प्यायलो! पुढे २०१२ साली कॅरोल टिली या अमेरिकन विदुषीने वर्थमची मूळ टिपणे तपासली, तेव्हा आढळले की मुलांच्या हकिकतींत त्याने आपल्या सिद्धांताला सोयीचे फेरफार केले होते. म्हणजे मूळ फिर्यादच लंगडी निघाली. पण आमच्या शाळांतून शिक्षा अजून चालूच आहे.

आता दुसरा आक्षेप, परकेपणाचा. तो मला अधिक गंभीर वाटतो, म्हणून जरा सविस्तर बोलतो.

१९६४ च्या मार्च महिन्यात टाइम्स ऑफ इंडियाच्या मंडळींनी इंद्रजाल कॉमिक्स सुरू केले. त्यांतला मुख्य वीर होता ली फॉक या अमेरिकन लेखकाने १९३६ साली निर्माण केलेला फँटम. मराठी आवृत्ती काढताना त्याचे नाव काय ठेवावे? कुणातरी जाणत्याने ठेवले, वेताळ. वाचकहो, या एका शब्दात केवढी अक्कल आहे पाहा. आपल्या गावोगावी शिवेवर शेंदूर फासलेल्या दगडांच्या कोंडाळ्यात वेताळ बसलेला असतो. भुतांचा तो राजा, पण गावाचा राखणदार. चांदोबाच्या पानांतून विक्रमाच्या खांद्यावर बसलेला वेताळ पोरांच्या ओळखीचा होताच. तेव्हा कवटीच्या गुहेत राहणारा, कधीच मरत नाही असे जंगलातले लोक ज्याच्याविषयी सांगतात, असा हा मुखवट्याचा माणूस मराठी मुलाला पहिल्या भेटीतच घरचा वाटला. मूळ कथेतल्या 'बेंगाली' देशाचे आपल्याकडे 'डेंकाली' करण्यात आले, आणि 'सिंग' चाच्यांचे 'सिंगा', ते कुणाची मने दुखू नयेत म्हणून. त्या कथेत काळ्या लोकांचे रक्षण गोऱ्या माणसाने करावे, हा जो साहेबी दर्प होता तो काही त्यामुळे गेला नाही. तो होताच, आणि तो नव्हता असे मी म्हणणार नाही. परंतु परक्या वीराला आपल्या भाषेचा अंगरखा कसा शिवावा, हे त्या भाषांतरकारांना कळत होते.

याच्या उलट उदाहरण पाहा. २००४ साली स्पायडरमॅनचा भारतीय अवतार निघाला. मुंबईतला मुलगा, कमरेला धोतर, आणि नाव काय, तर पवित्र प्रभाकर! आता मला सांगा, महाराष्ट्रातल्या कोणत्या आईने आपल्या लेकाचे नाव 'पवित्र' ठेवले आहे? मूळच्या पीटर पार्करशी अक्षरे जुळावीत म्हणून बारशाचा हा घाट! आणि मुंबईच्या या पोराचे पराक्रम छापले कोणत्या भाषेत? इंग्रजीत. धोतर नेसवल्याने वीर मराठी होत नसतो. तो वेताळासारखा गावाच्या शिवेवर येऊन बसला पाहिजे.

आणि मारुतीचे म्हणाल, तर शनिवारी तेल वाहायला मीही जातो. अनंत पै यांनी १९६७ साली अमर चित्र कथा सुरू करून देवादिकांना आणि राजामहाराजांना चित्रांत आणले, त्याचे उपकार मी मानतो. इंद्रजालच्या जन्माच्या वेळीही हेच गृहस्थ टाइम्समध्ये होते, हे पुष्कळांना ठाऊक नसते. पण देवापुढे मूल हात जोडते. त्याच्या गोष्टीत बदल करण्याची त्याची छाती होत नाही, होऊही नये. कॉमिकमधल्या वीराचे तसे नाही. त्याला मूल आपल्या वहीत उतरवते, त्याचा रंग बदलते, त्याला नवी शक्ती देते, आपल्या गल्लीतल्या गुंडाशी त्याला लढवते. एक श्रद्धेचा विषय, दुसरा खेळाचा. मुलाला दोन्ही हवेत.

परकेपणाची खरी शरम वेगळीच आहे. १९८६ साली हिंदीत नागराज नावाचा महाबली अवतरला आणि उत्तर हिंदुस्थानातल्या पोरांनी त्याला डोक्यावर घेतले. त्याचे सुरुवातीचे अनेक अंक रेखाटले कुणी? प्रताप मुळीक या मराठी चित्रकाराने! अमर चित्र कथेची पानेही याच हातांनी सजवली होती. हात मराठी, कुंचला मराठी आणि वीर मात्र हिंदीत बोलणारा. का? तर हिंदीत तो वाचणारी मुले होती आणि काढणारा प्रकाशक होता. आमच्याकडे बाबूराव अर्नाळकरांनी हजाराच्या वर रहस्यकथा लिहून झुंजार आणि काळापहाड घराघरांत पोचवले; भा. रा. भागवतांनी फुरसुंगीच्या बनेश फेणेला सायकलवर बसवून अजरामर केले. वीरांची उणीव मराठीत कधीच नव्हती. त्यांना चित्रांची चौकट देणारा मायेचा प्रकाशक आणि ती चौकट विकत घेणारा बाप, यांची होती. चाकणच्या किल्ल्यात १६६० साली फिरंगोजी नरसाळ्याने मूठभर लोकांनिशी शाहिस्तेखानाच्या फौजेला सुमारे दोन महिने दाद दिली नाही. त्या किल्ल्यापासून हाकेच्या अंतरावर राहणाऱ्या माझ्या विद्यार्थ्याला न्यूयॉर्कचे पूल ठाऊक आहेत, आणि फिरंगोजी हे गाव आहे की माणूस हे ठाऊक नाही. यात दोष त्याचा की आमचा?

तिसरा आक्षेप उरला. मारामारीचा आणि परावलंबनाचा.

येथे जरा मुळापर्यंत जायला हवे. सुपरमॅन जन्मला १९३८ साली. क्लीव्हलँड या कारखान्यांच्या गावात राहणाऱ्या जेरी सीगल आणि जो शूस्टर या दोन तरुणांनी तो निर्माण केला. दोघेही पोटासाठी देशांतर केलेल्या ज्यू कुटुंबांतले. सीगलच्या वडिलांचे जुन्या कपड्यांचे दुकान होते. १९३२ साली दुकानात झालेल्या चोरीच्या प्रसंगी त्यांचा अंत झाला. अशा मुलाने ज्याला गोळी लागत नाही असा माणूस कल्पावा, यात नवल ते काय? मंदीचा काळ, हाताला काम नाही. आणि त्यांचा तो वीर तरी कोण? जन्मगाव कायमचे नष्ट झालेला, लहान गावात वाढलेला, मोठ्या शहरात येऊन चाकरी करणारा, आणि आपली खरी ओळख लपवून वावरणारा माणूस. वाचकहो, भोसरीच्या एखाद्या चाळीत जाऊन पाहा, असे घरटी एक सुपरमॅन सापडतील. गावी ज्याला आबा म्हणून मान, तो येथे कंत्राटदाराच्या वहीत नुसता नंबर असतो. घरात एक भाषा, शाळेत दुसरी, कंपनीच्या फाटकावर तिसरी. दुहेरी आयुष्य म्हणजे काय, हे आमच्या मुलांना कुणी समजावून सांगायला नको.

आता हा सुपरमॅन पहिल्या वर्षात काय करीत होता? परग्रहावरच्या राक्षसांशी लढत होता? मुळीच नाही. पहिल्याच अंकात तो बायकोला मारणाऱ्या नवऱ्याला धडा शिकवतो. तिसऱ्या अंकात तो खाणकामगाराच्या वेषात जातो, मेजवानीच्या कैफात खाण बघायला उतरलेल्या मालकाला तिथेच कोंडतो, आणि सुरक्षिततेची साधने नसली म्हणजे कामगाराचे काय होते ते त्याला प्रत्यक्ष भोगायला लावतो. आठव्या अंकात तो गरिबांची कोंदट वस्ती पाडून टाकतो, का, तर सरकारला नवी घरे बांधणे भाग पडावे म्हणून. आणि १९३९ च्या मे महिन्यातल्या बाराव्या अंकात तो एका मोटार कारखान्यात शिरतो. नफ्यासाठी हलका माल वापरून माणसांच्या जिवाशी खेळणाऱ्या त्या कारखानदाराची तो खरडपट्टी काढतो आणि कारखान्याचा चक्काचूर करतो!

मोटारीच्या कारखान्यांवर जगणाऱ्या गावात राहून मी हे लिहीत आहे. कारखाने मोडावेत असे मला म्हणायचे नाही. आमच्या चुली त्यांच्यावर पेटतात. मला एवढेच म्हणायचे आहे की ही गोष्ट दुबळ्याने बळकटाला जाब विचारण्याची होती. मुळात ती मारामारी शिकवायला निघालीच नव्हती. पुढे धंदा वाढला, आणि वीराच्या समोरून मालक उठून गेला, तेथे परग्रहाचा राक्षस येऊन बसला. राक्षसाला कुणी जाब विचारीत नाही, नुसते ठोसे मारतात. परावलंबनाचा आक्षेप घ्यायचा तर तो या नंतरच्या बाजारावर घ्या. तिथे मी तुमच्या बाजूला उभा राहीन. त्या बाजाराचा पहिला बळी तर खुद्द ते दोघे जनक होते. सुपरमॅनचे सारे हक्क त्यांनी एकशे तीस डॉलरांना विकले होते. त्यांच्या वीरावर इतरांनी अमाप पैसा केला आणि ते दोघे उतारवयात विपन्नावस्थेत राहिले. १९७५ साली, लोकांनी आवाज उठवल्यावर, कंपनीने त्यांना वार्षिक तनखा दिला आणि त्यांची नावे पुन्हा छापली.

गेल्या वर्षी पालकसभेला एक गृहस्थ मला भेटले. नांदेडकडचे, एका लहानशा वर्कशॉपमध्ये पॉवर प्रेसवर कंत्राटी काम करणारे. हातात मुलाची गणिताची वही होती.

"सर, हे बघा. हिशेबाच्या वहीत हे असलं काढतोय. जरा तुम्हीच सांगा त्याला, तुमचं ऐकतो."

मी वही उघडली. शेवटच्या सात पानांवर चौकटी आखल्या होत्या. एक माणूस. डोक्यावर पिवळे हेल्मेट, छातीवर लाल दिवा. प्रेसखाली कुणाचा हात गेला की तो दिवा पेटतो, हा माणूस भिंतीतून बाहेर येतो आणि मशीन हाताने वरच्या वर थोपवून धरतो. त्याचे नाव 'सेन्सर'.

"हे याला कुणी सांगितलं?" मी विचारले.

"मीच एकदा जेवताना म्हणलं होतं, सर. मोठ्या कंपन्यांत प्रेसला सेन्सर असतो, हात मधी आला की मशीन थांबतं. आमच्याकडं नाही तसलं." एवढे बोलून ते गप्प झाले. बोटे जाणे म्हणजे काय, हे आमच्या भागात कुणाला समजावून सांगावे लागत नाही.

शेजारी बसलेल्या माझ्या एका सहकाऱ्याने चष्म्यावरून पाहिले आणि ती पाने फाडून टाकण्याचा सल्ला दिला. मी सांगितले की पाने फाडली जाणार नाहीत. मुलाला चित्रकलेची कोरी वही मिळेल, आणि ही सात पाने वर्गाच्या फळ्यावर लागतील. तशी ती लागली. बाप नंतर दोन वेळा येऊन ती पाहून गेले.

माझ्या वाचकांनो, हा मुलगा आळशी आहे? परावलंबी आहे? १९३९ च्या त्या बाराव्या अंकाचे नावही त्याने ऐकलेले नाही. तरी त्याच वाटेने तो तिथवर पोचला. चित्रकथेचा जो अर्थ मी आतापर्यंत पानेच्या पाने खर्चून सांगत आहे, तो त्याने सात पानांत दाखवला. ज्याच्या बापाच्या हाताला संरक्षण नाही असे मूल आधी संरक्षणाचे स्वप्न बघते. मग मोठे होऊन ते मागायला शिकते. स्वप्नच फाडून टाकले तर मागणार काय?

आणि आज त्याच्यापुढे आम्ही ठेवले काय आहे? इंद्रजाल १९९० मध्ये बंद पडले. आबिद सुरतींनी १९७६ साली निर्माण केलेला, डाकूचा मुलगा असून गावाचे रक्षण करणारा बहादूरही त्याबरोबर गेला. १९५२ पासून मराठीत येणारा चांदोबा मिटला. बालभारतीचा 'किशोर' १९७१ पासून नेटाने चालला आहे, त्याला दीर्घायुष्य लाभो. पण एकट्या पणतीने किती अंधार उजळावा? परदेशी वीर मात्र भरपूर आहेत: दप्तरावर, डब्यावर, पाण्याच्या बाटलीवर, चड्डी-बनियनवर. वीर दप्तरावर आहे, दप्तरात नाही. त्याचे चित्र विकत मिळते, गोष्ट मिळत नाही. तीनशे रुपयांची छाप असलेली बाटली विनातक्रार घेणारा बाप साठ रुपयांच्या चित्रकथेला 'कशाला हा कचरा' म्हणतो, आणि मग मुले मराठी वाचत नाहीत म्हणून सभेत गळा काढतो!

तेव्हा माझ्या मागण्या स्पष्ट आहेत. शाळांनी ग्रंथालयाच्या कपाटात एक कप्पा चित्रकथांना द्यावा, आणि त्या कप्प्याला कुलूप नसावे. प्रकाशकांनी मराठी चित्रकार-लेखकांना नावासह आणि योग्य मोबदल्यासह काम द्यावे. एकशे तीस डॉलरांची गोष्ट मराठीत पुन्हा घडू नये. फिरंगोजीवर चित्रकथा निघावी, आणि प्रेसवर उभ्या असलेल्या माणसावरही निघावी. आणि दिवाळी अंकांच्या संपादकांना, त्यांत या अंकाचे संपादकही आले, माझे सांगणे आहे की पुढच्या वर्षी साबण-दागिन्यांच्या जाहिरातींतून आठ पाने वाचवून ती मुलांच्या चित्रकथेला द्यावीत. चित्रकार मिळत नसेल तर माझ्या सातवीच्या वर्गात यावे. तेथे एक जण आहे. त्याच्याकडे सात पाने तयार आहेत, आठवे तो आनंदाने काढून देईल.